आजारी कुत्रा व घरचे औषध

शेताची व गोठ्याची राखण करणारा कुत्रा आजारी पडला म्हणजे घरातीलच एखादी गोळी त्यास चारण्याची रीत खेडोपाडी आढळते. ही रीत सोडणे इष्ट होय. माणसास उतार देणारी पॅरासिटामॉल वा आयबुप्रोफेन कुत्र्यास विषासमान ठरू शकते. औषधाचे प्रमाण त्याच्या वजनावरून पशुवैद्यानेच ठरवावयाचे असते.

पशुवैद्याने दिलेले औषध घरी पाजणे मात्र अवघड नाही. गोळी जिभेच्या मुळाशी ठेवून तोंड मिटावे व गळा हलकेच चोळावा. पातळ औषध गालाच्या बाजूने थोडेथोडे सोडावे. मान फार उंचावू नये, अन्यथा ते श्वासनलिकेत शिरण्याचे भय असते.

परंतु याहून मोठा धोका निराळाच आहे. पिसाळलेल्या कुत्र्याचा जबडा लुळा पडतो, लाळ गळते, घास गिळवत नाही. घशात हाड अडकले असावे असे समजून धनी तोंडात हात घालतो. अशा कुत्र्यास औषध न पाजता अलग कोंडावे व पशुवैद्यास कळवावे. जखमेस लाळ लागल्यास ती साबणाने व वाहत्या पाण्याने १५ मिनिटे धुऊन त्याच दिवशी दवाखान्यात जाऊन लस घ्यावी. माणसात लक्षणे उमटल्यावर उपाय जवळजवळ उरत नाही.

कुत्र्यास नियमाने लस टोचून घेतल्यास हे संकट बहुतांशी टळते. ग्रामसेवकांनी ही गोष्ट घरोघर पटवून द्यावी.