यंत्रमागांची वीज, तारापूरची किंमत
यंत्रमागांच्या भिवंडीत विजेची चर्चा भारनियमन आणि बिले यांपुरतीच होत आली. २००७ मध्ये वीजवितरण फ्रँचायझी पद्धतीने टोरेंट पॉवरकडे गेले, तेव्हाही वाद त्याच चौकटीत राहिला. वीज जिथे निर्माण होते, तिथल्या माणसांचे काय, हा प्रश्न प्रदीप इंदुलकर यांनी उपस्थित केला. भाभा अणुसंशोधन केंद्रातील या माजी अभियंत्याने तारापूर अणुप्रकल्पग्रस्तांची कैफियत ‘हाय पॉवर’ या माहितीपटातून मांडली. २०१३ मध्ये रिओ दी जानेरोच्या युरेनियम चित्रपट महोत्सवात त्याचा गौरव झाला. तारापूर २०१४ पर्यंत भिवंडीच्याच ठाणे जिल्ह्यात होते. अणुऊर्जेला विरोध असो वा पाठिंबा, विस्थापितांचे पुनर्वसन हा प्रकल्पखर्चाचाच भाग मानला पाहिजे. तो हिशेब टाळून मिळालेली वीज स्वस्त ठरत नाही. तिची किंमत दुसऱ्याने मोजलेली असते.