स्थानिक कोणाला म्हणायचे? सीमेवरच्या घरांनी विचारायचा प्रश्न

जुलै २०२४ मध्ये कर्नाटक मंत्रिमंडळाने खासगी उद्योगांतील नोकऱ्या स्थानिकांसाठी राखून ठेवणाऱ्या विधेयकाला मान्यता दिली. व्यवस्थापनाच्या पदांवर ५० टक्के आणि बाकीच्या पदांवर ७० टक्के स्थानिक उमेदवार घ्यावेत, न घेतल्यास दंड भरावा, अशी त्यात तरतूद होती. उद्योगक्षेत्रातून जोरदार विरोध झाला आणि दोन-तीन दिवसांतच सरकारने विधेयक थांबवले. त्या आठवड्यात टीव्हीवर बंगळूरच्या आयटी कंपन्यांची चर्चा झाली. आपल्या बोरगाव-निपाणी भागाचे नाव कुणी घेतले नाही. वास्तविक त्या विधेयकातील एक व्याख्या आपल्या घराघरांत शिरणारी होती. म्हणून सभासदांनी आणि त्यांच्या घरच्यांनी हा विषय शांतपणे समजून घ्यावा, यासाठी हा लेख.

व्याख्या काय होती?

स्थानिक उमेदवार म्हणजे कर्नाटकात जन्मलेली, १५ वर्षे राज्यात राहिलेली, कन्नड बोलता, वाचता आणि लिहिता येणारी व्यक्ती. माध्यमिक शाळेच्या दाखल्यावर कन्नड हा विषय हवा. नसेल तर कन्नडची चाचणी द्यावी लागणार होती.

यातली भाषेची अट आपल्याला लगेच दिसते, कारण त्यावर आपण सत्तर वर्षे बोलतो आहोत. पण खरी मेख पहिल्या शब्दात आहे: ‘कर्नाटकात जन्मलेली’.

आपल्याकडच्या सोयरिकी कुठे होतात? इचलकरंजी, हुपरी, कागल, शिरोळ, कुरुंदवाड. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्याची हद्द बदलली, सोयरिकीची बदलली नाही. नदीपल्याडची लेक सून होऊन इकडे येते. वीस वर्षे इथे संसार करते, रेशनकार्डावर आणि मतदारयादीत तिचे नाव असते, ग्रामपंचायतीला किंवा नगरपंचायतीला ती निवडूनही येते. तरीही त्या व्याख्येने ती स्थानिक ठरली नसती, कारण तिचा जन्म महाराष्ट्रातला.

तिच्या मुलांचे पाहू. पहिले बाळंतपण माहेरी करायची आपली रीत आहे. शिवाय अडचणीचे बाळंतपण असले की गाडी कोल्हापूर, इचलकरंजी किंवा मिरजेकडेच धावते. म्हणजे ज्या मुलाचे आजोबा-पणजोबा बोरगावच्या मातीत गेले, जो पहिलीपासून इथल्या शाळेत शिकला आणि कन्नडही शिकला, तो केवळ आईच्या माहेरी जन्मला म्हणून परका ठरू शकला असता. त्याचाच धाकटा भाऊ घराजवळच्या दवाखान्यात जन्मला, तर तो स्थानिक. एका ताटात जेवणाऱ्या दोन भावांत कायदा असा फरक करू लागला, तर तो कायदा माणसे मोजतो आहे की दवाखाने, हे विचारावेच लागेल.

दुसऱ्या काठावरचे चित्र

हे सारे कर्नाटकच करते, असे म्हणून मोकळे होता येणार नाही. सवलती घेणाऱ्या कारखान्यांनी ८० टक्के स्थानिक घ्यावेत, असे महाराष्ट्राचेही धोरण आहे. १९६६ साली मुंबईत शिवसेना उभी राहिली ती दाक्षिणात्य कारकून आणि उडुपी हॉटेलवाले यांच्याविरुद्धच्या रोषावर. त्या वेळी मुंबईतले कानडी कुटुंब ज्या भीतीत राहिले, ती भीती काय असते हे बेळगाव-निपाणीच्या मराठी माणसाला वेगळे सांगायला नको. मराठी म्हणून आपल्याला त्या आंदोलनाबद्दल आपुलकी वाटली असेल, तरीही हा आरसा आपण टाळू नये.

एक गोष्ट मात्र खरी आहे. आपल्या जमिनीवर कारखाना उभा राहतो आणि फाटकावर आपल्याच पोराला ‘जागा नाही’ म्हणतात, हे दुःख खोटे नाही. कन्नड तरुणांचेही तेच दुःख आहे. सरोजिनी महिषी समितीचा अहवाल १९८६ चा. कन्नडिगांना नोकऱ्या मिळाव्यात ही मागणी तेव्हापासून कायम आहे. प्रश्न मागणीचा नाही, मोजपट्टीचा आहे.

न्यायालयांनीही या मोजपट्टीवर बोट ठेवले आहे. महिना ३० हजार रुपयांपर्यंतच्या खासगी नोकऱ्यांत ७५ टक्के स्थानिक घेण्याचा हरियाणाचा २०२० चा कायदा पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२३ मध्ये रद्द केला. त्याआधी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुंबईच्या चित्रपटसृष्टीतील रंगभूषाकारांच्या संघटनेची अट फेटाळली. पाच वर्षे महाराष्ट्रात राहिल्याशिवाय सभासदत्व नाही, अशी ती अट होती. राज्यघटनेच्या १९ व्या कलमाने देशात कुठेही राहण्याचा आणि स्थायिक होण्याचा हक्क दिला आहे. सरकारी नोकरीत जन्मस्थानावरून भेद करता येणार नाही, असे १६ वे कलम सांगते. सीमेवरच्या माणसाला ही दोन कलमे तोंडपाठ हवीत.

आपल्याकडे येणारी माणसे

आता हीच मोजपट्टी आपल्या उंबऱ्यावर लावून पाहू. दिवाळीच्या पुढेमागे बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांतून, तसेच उत्तर कर्नाटकच्या कोरडवाहू भागातून ऊसतोडीच्या टोळ्या येतात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, ती फिटेपर्यंत फड सोडता येत नाही. आजारपणात खाडा पडला तर त्याचेही पैसे कापले जातात. पहाटेच्या अंधारात तोड सुरू होते, मोळ्या बांधायच्या, डोक्यावरून ट्रॉलीत चढवायच्या. शिवारातल्या खोपीत ना संडास, ना दिवा.

या कष्टाची किंमत बाईच्या शरीराने किती मोजली, ते २०१९ मध्ये बीड जिल्ह्यातल्या सर्वेक्षणातून बाहेर आले. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील समितीसमोर आलेल्या माहितीनुसार, तपासणी झालेल्या सुमारे ८२ हजार ऊसतोड महिलांपैकी १३ हजारांहून अधिक जणींची गर्भपिशवी काढलेली होती. आपल्या हालसिद्धनाथ कारखान्याला, हुपरीच्या जवाहरला किंवा शिरोळच्या दत्तला ऊस घालणाऱ्या प्रत्येक शेतकऱ्याने हा आकडा लक्षात ठेवावा.

आणि त्यांचे योगदान? ऊस वेळेत तुटला नाही, त्याला तुरे आले, की वजन घटते आणि उताराही घटतो. टोळी आठ दिवस उशिरा आली तर नुकसान किती, हे कुठल्याही ऊसवाल्याला विचारा. तोडीच्या हंगामात आपल्या गोठ्यातल्या म्हशी त्यांनी तोडलेल्या उसाच्या वाड्यावर जगतात. म्हणजे आपली ऊसबिले आणि डेअरीचे दूध, दोन्हींत त्यांचा घाम आहे.

यंत्रमागाचेही तेच. १९०४ मध्ये विठ्ठलराव दातारांनी इचलकरंजीत पहिला यंत्रमाग सुरू केला, त्यांना तिथले जहागीरदार नारायणराव घोरपडे यांचे पाठबळ होते. त्या धंद्याचे धागे नदी ओलांडून बोरगाव-मानकापूरपर्यंत आले. आज मागांवर उत्तर प्रदेश, बिहार, ओडिशातले तरुण रात्रपाळी करतात. आपली मुले मागावर उभी राहायला तयार नाहीत, ती पुण्याला किंवा कागलच्या पंचतारांकित वसाहतीत जातात. त्यात गैर काही नाही. पण मग मागावरच्या त्या पोराला सरसकट ‘भैय्या’ म्हणून हाक मारताना त्याचे नाव तरी विचारावे. आपल्या पोरालाही कुठेतरी कुणीतरी ‘घाटी’ म्हणत असेल.

निपाणीचा तंबाखूही बाहेरून आलेल्या व्यापाऱ्यांच्या भांडवलावर आणि इथल्या बायकांच्या श्रमावर वाढला. १९८१ मध्ये शरद जोशींच्या नेतृत्वाखाली तंबाखूच्या भावासाठी शेतकरी पुणे-बंगळूर महामार्गावर बसले तेव्हा त्यांत मराठी होते, कानडी होते. ६ एप्रिलला गोळीबार झाला, तेव्हा गोळीनेही भाषा पाहिली नाही. पोटाचा प्रश्न एकच असला की माणसे एका रस्त्यावर बसतात, हे आपल्या तालुक्याने दाखवून दिले आहे.

दूरदेशीचे एक मराठी उदाहरण

कागदावरून माणसाचे आपलेपण ठरवण्याचा प्रकार फक्त आपल्याकडे होतो असे नाही. शेकडो वर्षे कोकणात राहिलेले बेने इस्रायल लोक, ज्यांना गावकरी ‘शनिवार तेली’ म्हणत, १९४८ नंतर मोठ्या संख्येने इस्रायलला गेले. गावाच्या नावावरून पडलेली त्यांची ‘कर’ आडनावे आजही टिकून आहेत. ज्या देशाला त्यांनी स्वतःचा मानले, तिथल्या धर्मपीठाने १९६० नंतरच्या वर्षांत त्यांच्या लग्नाआधी वाडवडिलांची चौकशी करण्याचा आदेश काढला. ते रस्त्यावर उतरले, धरणे धरले. अखेर १९६४ मध्ये इस्रायलच्या संसदेने ते सर्वार्थाने ज्यू असल्याचा ठराव केला आणि धर्मपीठाला माघार घ्यावी लागली. दिमोना, अश्दोद, बेर्शेबा अशा नव्या गावांच्या उभारणीत या मराठी माणसांचे कष्ट आहेत. ‘मायबोली’ नावाचे मराठी त्रैमासिकही त्यांनी तिथे चालवले. हिब्रू शिकल्याने त्यांची मराठी कमी झाली नाही, आणि मराठी जपल्याने त्या देशाचे काही बिघडले नाही.

मग मोजपट्टी कोणती?

२०११ च्या जनगणनेनुसार देशात ४५ कोटींहून अधिक लोक आपले आधीचे ठिकाण सोडून दुसरीकडे राहत होते. त्यामागचे सर्वांत मोठे कारण रोजगार नव्हे, लग्न. म्हणजे देशातली सर्वांत मोठी स्थलांतरित आहे ती आपली सून. जन्मस्थानाची अट घालणारा कोणताही कायदा पहिल्यांदा तिलाच परकी ठरवतो.

म्हणून आपली भूमिका सरळ असावी. स्थानिक ठरवायचेच असेल तर वास्तव्याची वर्षे पाहा, केलेले काम पाहा. जन्मस्थान आणि शाळेच्या दाखल्यावरची भाषा यांवर माणूस तोलू नका. हीच मागणी आपण बंगळूरकडे करावी, मुंबईकडे करावी, आणि हाच नियम आपल्या शिवारात आलेल्या टोळीलाही लावावा. स्वतःसाठी एक माप आणि दुसऱ्यासाठी दुसरे माप ठेवले, तर सीमाभागाच्या मराठी माणसाच्या गाऱ्हाण्याला वजन राहणार नाही.

विधेयक थांबले आहे, तोवर घरोघरी काही कामे करता येतील. मुलांचे जन्मदाखले, शाळेचे दाखले आणि रहिवासाचे पुरावे एका फाइलमध्ये नीट ठेवा. नावाचे स्पेलिंग सगळीकडे सारखे आहे का, ते तपासा. महाराष्ट्रातल्या अभियांत्रिकी व वैद्यकीय प्रवेशांत सीमाभागातील मराठी भाषिक विद्यार्थ्यांसाठी वेगळी तरतूद आहे. तिची कागदपत्रे बारावीचे वर्ष लागण्याआधी जमवा. कर्नाटकात २०१५ च्या कायद्यानुसार कन्नड शिकवणे शाळांना सक्तीचे झाले आणि २०१७-१८ पासून पहिलीपासून त्याची अंमलबजावणी सुरू झाली. त्यामुळे आपली लहान मुले कन्नड शिकतात, पण नदीपल्याडून आलेल्या सुनांना ती संधी कुणी दिलेली नाही. दवाखान्यात, बँकेत, तहसीलदार कचेरीत त्यांचे अडते. मंडळाने त्यांच्यासाठी संध्याकाळचा कन्नड वर्ग सुरू करावा. भाषा शिकणे म्हणजे हक्क सोडणे नव्हे. आपल्या आजीला दोन्ही भाषा येत होत्या आणि बाजारात तिला कुणी फसवू शकत नव्हते.

आणि हंगाम सुरू होईल तेव्हा आणखी एक काम. आपल्या फडावरच्या टोळीत शाळेच्या वयाची मुले किती आहेत, ते मोजून जवळच्या शाळेत सांगावे. लहानग्यांना अंगणवाडीत न्यावे. टोळीकडे रेशनकार्ड असेल तर ‘एक देश, एक रेशनकार्ड’ योजनेत इथल्या दुकानात धान्य मिळू शकते. दुकानदाराकडे त्यांच्याबरोबर एकदा जाऊन यावे. खोपीजवळ बायकांसाठी आडोसा आणि दिव्याची सोय करायला खर्च फार येत नाही.

कोगनोळी नाक्यावर २०२१ मध्ये आरटीपीसीआरचा दाखला मागत होते, तेव्हा आपल्यातल्या कित्येकांना कामावर जाता आले नाही, पाहुण्यांच्या मयतीला पोहोचता आले नाही. दूधगंगेचा पूल ओलांडायला कागद लागतो, ही भावना तेव्हा सगळ्यांनी अनुभवली. बीडहून पोरेबाळे घेऊन ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत येणारी बाई ती दर वर्षी अनुभवते. तिच्या मुलाला या हंगामात आपल्या गावच्या शाळेत जागा मिळाली, तर ‘स्थानिक कोण’ या प्रश्नाचे निदान आपल्या गावापुरते उत्तर आपण दिले, असे म्हणता येईल.