शब्दांशी दोस्ती : डेड

मे महिन्यात परभणीचा पारा चाळिशीपार गेला, की आपण म्हणतो, ‘मरणाचं ऊन पडलंय!’ इथं कुणी मेलेलं नसतं. ‘मरणाचं’ म्हणजे फार. इंग्रजीतल्या ‘डेड’चंही तसंच. शब्दकोशात पहिला अर्थ ‘मृत’. पण बोलताना ‘डेड टायर्ड’ म्हणजे पार थकलेला, ‘डेड राइट’ म्हणजे अगदी बरोबर. अन् क्रिकेटमध्ये चेंडू ‘डेड’ झाला, की धावही नाही, आऊटही नाही!

मात्र मित्राचे आजोबा गेले, तर जपून हं! आपण ‘मेले’ म्हणत नाही, ‘वारले’ म्हणतो. इंग्रजीतही तिथं ‘डेड’ नको, ‘पास्ड अवे’ म्हणा. दुःखाच्या घरी शब्दकोशाआधी समोरच्याचं मन वाचायचं असतं.