पडद्यावरचे अमर शेख

मागच्या महिन्यात धाकटी लेक कॉलेजच्या वक्तृत्व स्पर्धेत दुसरी आली आणि बक्षीस घेऊनही तोंड पाडून घरी आली. शाबासकी देताना एका परीक्षकांनी विचारलं होतं, "घरी तर तुम्ही उर्दू बोलत असाल, मग मराठी इतकं छान कसं?" विचारणाऱ्याचा हेतू वाईट नसेल, पण आमच्या चार पिढ्या म्हसवडच्या मातीत गेल्या. मी तिची समजूत घातली नाही. तिला अमर शेखांची गोष्ट सांगितली. शाहिराची नव्हे, नटाची.

शाहीर सगळ्यांना ठाऊक आहेत. संयुक्त महाराष्ट्राच्या सभा त्यांच्या पहाडी आवाजानं पेटायच्या. खरं नाव मेहबूब हुसेन पटेल, जन्म बार्शीचा, २० ऑक्टोबर १९१६. घरची गरिबी. आई मुनेरबीच्या तोंडची लोकगीतं हीच पहिली शाळा. मोटारीवर क्लीनर, मग गिरणी कामगार, मग संप आणि तुरुंग. पुढे कोल्हापूरला मास्टर विनायकांच्या स्टुडिओत आले, तिथं मित्रांनी 'अमर शेख' हे नाव दिलं. म्हणजे पडद्याची ओळख तशी जुनीच.

तरी नट म्हणून त्यांचं काम मोजकं. 'झगडा' हे नाटक आणि दोन चित्रपट. पहिला आचार्य अत्र्यांचा 'महात्मा फुले', १९५४ चा, ज्याला राष्ट्रपतींचं रौप्यपदक मिळालं. (फुले दांपत्याला घराबाहेर पडावं लागलं तेव्हा आसरा देणारे उस्मान शेख आपल्या किती मुलांना माहीत आहेत, हे एकदा घरी विचारून बघा.)

दुसरा 'प्रपंच', १९६१ चा. आम्हा माणदेशी लोकांना हा जवळचा, कारण कथा ग. दि. माडगूळकरांची. त्यांचा जन्म शेटफळ्याचा, आटपाडीकडचा. पाऊस नाही, पीक नाही, खाणारी तोंडं मात्र वाढलेली, असं घर त्यांनी लहानपणापासून पाहिलेलं. दिग्दर्शक मधुकर पाठकांच्या या चित्रपटात अमर शेख झाले लेकुरवाळा कुंभार. बायको सुलोचनाबाई, धाकटा भाऊ श्रीकांत मोघे. हजारोंच्या सभेला गदागदा हलवणारा हा माणूस इथं कर्जानं वाकलेला बाप झाला. गाजलेला शाहीर पडद्यावर आला की शाहीरच दिसण्याचा धोका असतो. इथं माणूस दिसतो, तोही आपल्या आळीतला, आणि मला या कामाचं मोल त्यातच वाटतं.

अब्बांनी हा चित्रपट जत्रेतल्या तंबूत पाहिला होता. शेजारी गावातलेच एक कुंभारकाका बसलेले. ते म्हणाले, "ह्यो आमच्यातलाच धरून आणलाय बघ." अब्बा म्हणाले, "नाही काका, ते बार्शीचे पटेल. मुसलमान हैत." काकांना ते काही पटेना. दोघांची तिथंच पैज लागली आणि परतीच्या वाटेवरही वाद मिटला नाही. पैजेचा चहा काकांनी शेवटपर्यंत पाजला नाही, ही तक्रार अब्बा म्हातारपणीही करायचे. दादीचा राग वेगळाच. सिनेमा बघून आला म्हणून तिनं दोन दिवस अबोला धरला, पण "वो बार्शीवाला कैसा दिखता रे?" हे तिसऱ्या दिवशी तिनंच विचारलं.

यानंतर त्यांना आणखी भूमिका का मिळाल्या नाहीत, याची मला हळहळ वाटते. चळवळ, कविता, कार्यक्रमांचे दौरे यांतून सवड कमीच होती, हेही खरं. 'धरतीमाता' हा कवितासंग्रह १९६३ मध्ये आला. २९ ऑगस्ट १९६९ रोजी अपघातात ते गेले, वय अवघं बावन्न.

लेकीनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "अब्बू, त्यांना कुणी म्हणालं असेल का हो, की तुमचं मराठी इतकं छान कसं?"

पुढच्या स्पर्धेला तिनं अमर शेख हाच विषय घेतला आहे. तुमच्या घरातल्या कुणी थोरामोठ्यांनी 'प्रपंच' तंबूत किंवा थिएटरात पाहिला असेल, तर त्यांची आठवण दोन ओळींत लिहून मासिकाकडे जरूर पाठवा. तिला उपयोग होईल.