हृदयांतील घटिकापात्र

आमच्या वाशीमच्या जुन्या वाड्यांत माडीवर जाणारा जिना सतरा पायऱ्यांचा आहे. गेल्या वर्षीं आमची धाकटी पुतणसून, पांचवा महिना सरत आलेला, त्या जिन्याच्या नवव्या पायरीवर बसून राहूं लागली. रात्रीं आडवें झालें कीं जीव घुसमटे म्हणून ती तीन उशांस टेकून बसे. तिच्या सासूबाईंनीं, म्हणजे आमच्या वहिनींनीं, "आम्ही आठव्या महिन्यापर्यंत विहिरीचें पाणी शेंदीत होतों," एवढेंच म्हटलें. आणि खरें सांगावयाचें तर मनांतून मीही त्यांच्याच बाजूचा होतों. मुलीनें उलट उत्तर दिलें नाहीं. तिनें तें द्यावयास हवें होतें, असें आज वाटतें.

गांवांतील एका वयोवृद्ध डॉक्टरांनीं तिला डाव्या कुशीवर वळावयास सांगितलें, छातीवर नळी ठेविली व डोळे मिटून बराच वेळ ऐकलें. मग विचारलें, "लहानपणीं सांधे सुजले होते काय?" सुजले होते. दहाव्या वर्षीं, आधीं घसा धरला, कांहीं आठवड्यांनीं गुडघे, मग घोटे, मग मनगटें. माहेरच्या मंडळींनीं वाढीचीं दुखणीं म्हणून तेल चोळलें होतें. डॉक्टरांनीं अकोल्यास जाऊन डॉप्लरसह 'इको' करून घेण्याविषयीं चिठ्ठी दिली.

हृदयाच्या डाव्या बाजूस वरच्या कप्प्यांतून खालच्या कप्प्यांत जाणाऱ्या रक्ताच्या वाटेवर एक झडप असते. तिला दोन पाळ्या, म्हणून ती द्विदल. आमच्या भागांतील तुरीसारखीच म्हणा ना. इंग्रजींत तिला मायट्रल म्हणतात, कारण उघडी झडप पाद्र्यांच्या मायटर नांवाच्या टोपीसारखी दिसते. निरोगी माणसांत ही वाट ४ ते ६ चौरस सेंटिमीटर असते. स्ट्रेप्टोकॉकस जंतूनें बालपणीं घसा धरला व त्यावर योग्य उपचार झाला नाहीं, तर कांहीं मुलांत शरीराची संरक्षक शक्तिच सांध्यांवर आणि या झडपेवर उलटते. सांधे बरे होतात. झडप मात्र वर्षानुवर्षें जाड होत जाते व पाळ्या कडांनीं चिकटूं लागतात. हा विकार पुरुषांपेक्षां स्त्रियांत अधिक आढळतो. गरोदरपणीं रक्ताचें प्रमाण जवळजवळ दीडपट होतें आणि नाडी जलद चालते, म्हणजे रक्त अधिक व त्यास वाट मिळण्याचा अवधि कमी. तें मागें फुप्फुसांत तुंबतें. पंधरा वर्षें मुकाट्यानें असलेलें दुखणें पांचव्यासहाव्या महिन्यांत असें उघडें पडतें, आणि घरांत त्यास आळस हें नांव मिळतें.

नळीनें या झडपेची घरघर ऐकूं येते, पण ती मंद व खर्ज सुरांतली. वाट किती अरुंद झाली आहे हें तीवरून नेमकें सांगणें कठीण. दाब मोजावयाचा तर पूर्वीं शिरेंतून थेट हृदयांत नळी सरकवावी लागे. १९५३ सालीं स्वीडनमधील लुंड येथें एडलर व हर्ट्झ या दोघांनीं धातूंतील भेगा शोधण्याच्या यंत्रानें हृदयाचा प्रतिध्वनि प्रथम टिपला. डॉप्लर या ऑस्ट्रियन पंडितानें १८४२ सालीं मांडलेला सिद्धांत पुढें त्यास जोडला गेला. स्टेशनावर न थांबतां जाणाऱ्या गाडीची शिटी जवळ येतांना चढी व दूर जातांना उतरती ऐकूं येते, हा अनुभव सर्वांचा आहे. इकोचें यंत्र सेकंदास वीसचाळीस लाख कंपनें असलेला, कानास न कळणारा ध्वनि आंत पाठवितें. धांवणाऱ्या रक्तकणांवरून तो परततो तेव्हां त्याच्या सुरांत पडलेल्या फरकावरून रक्ताचा वेग कळतो. अरुंद वाटेंतून रक्त वेगानें उसळतें. सेकंदास जितके मीटर वेग, त्याच्या वर्गाची चौपट केली कीं दोन कप्प्यांमधील दाबाचा फरक पाऱ्याच्या मिलिमीटरांत मिळतो. आमच्या मुलीचा सर्वाधिक वेग २ मीटर होता; म्हणजे फरक १६.

परंतु नाडी जलद झाली कीं हा आंकडा वाढतो व विश्रांतीनें उतरतो. म्हणून दुसरें माप आहे, आणि तें मला फार आवडलें. लग्नघटिका पाहावयाचें तांब्याचें घटिकापात्र ज्यांनीं पाहिलें आहे त्यांस ठाऊक आहे कीं बुडाचें भोंक जितकें बारीक तितका पात्र बुडण्यास वेळ अधिक. लीलावतीच्या लग्नांत त्या भोंकांत मोतीं अडकलें व मुहूर्त टळला ही दंतकथा खरी असो वा नसो, तींतलें गणित खरें आहे. हृदयांतही दाबाचा फरक निम्म्यावर येण्यास लागणारा काळ डॉप्लरच्या आलेखावरून मोजतात. वाट अरुंद तितका काळ लांब. नॉर्वेतील डॉ. लिव्ह हाट्ले या विदुषींनीं व त्यांच्या सहकाऱ्यांनीं १९७९ च्या सुमारास ही रीत रूढ केली. २२० ला त्या काळाच्या मिलिसेकंदांनीं भागावें कीं वाटेचें क्षेत्रफळ येतें. हिचा काळ २००, उत्तर १.१ चौरस सेंटिमीटर. दीड किंवा त्याहून कमी म्हणजे विकार तीव्र समजतात. तो कागद वहिनींनीं दोनदां वाचावयास लावला. मग त्या उठून आंत गेल्या आणि मुलीचें अंथरूण त्यांनीं खालच्या खोलींत आणविलें.

विश्रांति व नाडी मंद करण्याचीं औषधें यांनीं पुरेसा आराम पडेना, तेव्हां सहावा महिना सरल्यावर मांडीच्या शिरेंतून फुगा नेऊन चिकटलेल्या पाळ्या मोकळ्या केल्या. जपानच्या डॉ. इनोउए यांनीं १९८२ सालीं हा उपाय प्रथम केला. त्यापूर्वीं छाती उघडून शस्त्रवैद्याचें बोटच झडपेंत घालीत. लंडनच्या सूटर यांनीं तें १९२५ सालीं करून दाखविलें. झडप फार चुनखडली आहे काय, गळते काय, वरच्या कप्प्यांत रक्ताची गुठळी आहे काय, हें इकोवरून पाहूनच फुग्याचा निर्णय होतो. फुग्यानंतर लगेच मात्र तें घटिकापात्राचें गणित फसतें. तेव्हां पडद्यावरील चित्रांत झडपेच्या मुखाची कड आंखून क्षेत्रफळ काढतात. तें १.८ भरलें.

इकोनें गर्भास अपाय होईल काय, असें आमच्याकडे प्रत्येक आत्याबाईनें विचारलें. त्यांत क्ष-किरण नसतात, केवळ ध्वनि असतो. पोटांतील मूल ज्या यंत्रानें पाहतात त्याचाच हा भाऊबंद. फुग्याच्या वेळीं क्ष-किरण लागतात, पण तेही बेतानें व पोट झांकून.

मुलगी झाली, दोघी सुखरूप आहेत. घसा पुन्हां धरून झडपेस नवी इजा होऊं नये म्हणून पेनिसिलिनची सुई दर एकविसाव्या दिवशीं घ्यावयाची असते, आणि ती पुष्कळ वर्षें. ती चुकूं नये म्हणून वहिनींनीं देवघराजवळच्या दिनदर्शिकेवर वर्षभराच्या तारखांस कुंकवाचीं बोटें लाविलीं आहेत. गेल्या महिन्यांत एक तारीख नेमकी एकादशीस आली, तर त्यांनीं उपासाचें फराळ डब्यांत भरून तिला स्वतः दवाखान्यांत नेलें.