एका आकृतीत हजार माणसं

युद्धातली मनुष्यहानी आलेखाने दाखवणं ही मृतांची विटंबना आहे, असा आक्षेप नेहमी ऐकू येतो. माणसाचं काळीज हलतं ते चेहरा पाहून. ठिपके आणि ठोकळे पाहून कुणाच्या डोळ्यांत पाणी येणार? नील हॅलोरन यांचा ‘द फॉलन ऑफ वर्ल्ड वॉर टू’ हा २०१५चा १८ मिनिटांचा अ‍ॅनिमेशनपट या आक्षेपाच्या तडाख्यात हमखास सापडतो. त्यात एक आकृती म्हणजे एक हजार मृत. ना नाव, ना चेहरा.

आक्षेपातलं एक मला मान्य आहे. माणगाव तालुक्यातले नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी इटलीत धारातीर्थी पडले, तेव्हा ते अवघे बावीस वर्षांचे होते. या मापात ते एका आकृतीचा हजारावा हिस्सा ठरतात. त्या युद्धात गेलेले भारतीय सैन्याचे सुमारे ८७ हजार जवान ८७ आकृत्यांत संपतात. हे बोचतं, आणि बोचायलाच हवं.

पण चेहऱ्याचा आग्रह धरणाऱ्यांनी कुणाचा चेहरा, तेही सांगावं. कॅमेरा जिथे पोहोचला तिथलेच चेहरे आपल्यापर्यंत आले. जर्मनांच्या कैदेत भुकेने, थंडीने, रोगाने लाखो सोव्हिएत युद्धकैदी मेले. त्यातल्या बहुतेकांचा शेवटचा फोटो काढायला कुणी नव्हतं. फोटोंवरच विसंबलो, तर ही माणसं हिशोबातूनच गळतात. आकृतीत मात्र खंदकातला, छावणीतला, सगळ्यांची उंची सारखी.

आणि ज्याला कोरडा आलेख म्हणून हिणवता, तो पडद्यावर काय करतो ते नीट पाहा. अमेरिकी सैनिकांच्या चारशेहून थोड्या जास्त आकृत्या नजरेत मावतात. सोव्हिएत सैनिकांचा स्तंभ मात्र चढू लागतो, त्याच्यामागे कॅमेरा चढतो. आता थांबेल, असं वाटतं. थांबत नाही. पुन्हा वाटतं, पुन्हा चढतो. ८७ लाख! आपल्या ८७ आकृत्यांच्या शंभरपट. पुस्तकात हा आकडा वाचायला क्षणभर पुरतो. इथे तो सोसावा लागतो. चालत्या चित्राच्या हाती काळ असतो, म्हणूनच हे साधतं.

चेहरा हवाच असेल, तर माणगावला जाऊन घाडग्यांच्या पुतळ्यासमोर उभे राहा. मग घरी येऊन हा चित्रपट लावा, आणि तो स्तंभ चढत असताना एकही सेकंद पुढे ढकलू नका.