विदूषकाच्या वेषातील वैद्य

पेशाने वैद्य, रंगमंचावर विनोदकार आणि बीबीसीवर आरोग्यविषयक कार्यक्रमांचे निवेदक राहिलेल्या इंग्लंडातील डॉ. फिल हॅमंड यांनी ‘प्रायव्हेट आय’ या उपहासप्रिय पाक्षिकातील ‘एमडी’ या टोपणनावाच्या सदरातून, ब्रिस्टल येथील रुग्णालयात हृदयशस्त्रक्रियेनंतर बालके प्रमाणाबाहेर दगावत असल्याची वार्ता १९९२ सालीच ज्या निर्भयतेने चव्हाट्यावर मांडली, ती मला त्यांच्या साऱ्या नाट्यप्रयोगांहून श्रेष्ठ वाटते. विनोदकाराला सत्य बोलण्याची जी पुरातन मुभा असते, तिचा याहून उदात्त विनियोग कोणता? तरीही त्या शस्त्रक्रिया १९९५ पर्यंत चालूच राहिल्या आणि इयान केनेडी यांच्या सरकारी चौकशीचा अहवाल प्रसिद्ध व्हायला २००१ साल उजाडले. ही दफ्तरदिरंगाई अक्षम्य होय.